रिकाम्या जागेवरचा चौकोन

आधीच सांगतो, माझा असल्या गोष्टींवर काडीचाही विश्वास नव्हता. इतकी वर्षं कॅमेरा चालवतोय. पडद्यावर भुतं कशी उभी करतात ते मला चांगलं ठाऊक आहे. डॉक्युमेंटरी करायच्या म्हणून या धंद्यात आलो. दोन केल्या. कौतुक झालं, पुढचं काम कुणी दिलं नाही. मग लग्नं, बिल्डरच्या जाहिराती, चाकणच्या कंपन्यांच्या फिल्म्स... पोट त्यावरच चालतं.

माझे दाजी अशाच एका कंपनीत कॉन्ट्रॅक्टवर होते. पत्रा दाबायच्या प्रेसवर काम करताना गेले. कंपनीने हात झटकले — म्हणे, त्यांची ड्युटी त्या मशीनवर नव्हतीच, ते विनाकारण तिकडे गेले. झालं, विषय संपला! गेटवर मोबाईलच्या कॅमेऱ्यावर स्टिकर चिकटवतात, त्यामुळे कामावरचा त्यांचा एकही फोटो घरात नाही.

गेल्या वर्षी त्याच कंपनीची सेफ्टी फिल्म एजन्सीमार्फत माझ्याकडे आली. आमचं नातं कुणाला माहीत नव्हतं. संताप आला, मी नाहीच म्हणणार होतो. पण पिंपळे गुरवला ताईकडे गेलो तर ती म्हणाली, "जा रे. हे कुठं उभे राहायचे तेवढं मला दाखव. दुसरं काही नको."

गेलो. भरदुपार, लख्ख उजेड. प्रेसला नवी जाळी, नवा रंग. सेफ्टी ऑफिसर सारखा मागे — "दादा, मशीन एकदम चकाचक दिसलं पाहिजे हां!" पुढे एक कामगार हेल्मेट घालून हसत उभा केला होता. कॅमेऱ्याला चेहरा सापडला की स्क्रीनवर त्याच्याभोवती छोटा चौकोन येतो आणि फोकस तिथे बसतो. चौकोन त्या कामगारावर आला... आणि सरकून मागे गेला. प्रेससमोर. तिथे कुणीच नव्हतं.

दाजी चांगले उंच होते. चौकोन तेवढ्याच उंचीवर. मध्येच खाली यायचा, परत वर जायचा — माणूस वाकून मशीनमध्ये पत्रा लावतो तसा. प्रेस तर बंद होता! कॅमेरा बंद करून चालू केला, लेन्स बदलली... तेच. ऑफिसरनेही स्क्रीनवर पाहिलं. हे काय आहे, असं त्याने विचारलंच नाही. फक्त म्हणाला, "ती जागा फ्रेममध्ये नको."

हा चौकोन रेकॉर्ड होत नाही, फक्त शूट करताना दिसतो. म्हणजे पुरावा काहीच नाही. क्लिपमध्ये उरलं एवढंच — पुढचा कामगार धूसर, मागची रिकामी जागा स्वच्छ. "साधा फोकस जमत नाही," म्हणून मला काढलं. दुसऱ्याने ती फिल्म पूर्ण केली. शेवटी 'शून्य अपघात' अशी मोठी पाटी.

चमक, सॉफ्टवेअर, जाळीची सावली — सगळं तपासून झालंय. त्यातलं एकही कारण बसत नाही.

ती क्लिप ताईला दाखवली. चौकोनाबद्दल काहीच बोललो नव्हतो. बराच वेळ बघून तिने विचारलं, "पुढचा माणूस असा पुसट का रे?"

"फोकस चुकला, ताई. मागे गेला."

"चुकला नाही," ती म्हणाली. "बरोबर गेलाय."