सौदामिनीअपांच्या विरुद्धचं उत्तर

कटकच्या आमच्या कालवे कार्यालयात सौदामिनी महारणांच्या शेजारच्या टेबलावर मी नऊ वर्षं काढली. सगळं ऑफिस त्यांना अपा म्हणायचं, म्हणजे ताई. टाइपरायटरवर हात असा की साहेब मजकूर सांगता सांगता दमायचे आणि अपा पुढच्या वाक्याची वाट बघत बसायच्या.

नवघन जेना त्यांच्यानंतर अकरा दिवसांनी नोकरीला लागलेला. बढत्या वर्षानुवर्षं अडकल्या तेव्हा तो आणि दुसऱ्या ऑफिसांतले आणखी दोघं कोर्टात गेले. अपांची आई तेव्हा अंथरुणाला खिळलेली. "नियम बदलला तर सगळ्यांनाच लागू होईल की," म्हणून त्या गेल्या नाहीत. तिघं जिंकले, नवघन हेडक्लार्क झाला. त्याच निकालावरून अपांनी बढतीसाठी खात्याकडे अर्ज केला, तर एका ओळीचं उत्तर आलं: आपण त्या दाव्यात नव्हता.

अपांनी तो कागद दोनदा वाचला, डबा संपवला आणि दुपारी वकील गाठला.

नवघन मात्र पार कानकोंडा झाला. अपा आत आल्या की खुर्चीतून उठायचा.

"बस रे," अपा म्हणायच्या. "साहेबांना वाटेल मीच साहेब."

पुढे कोर्टाची नोटीस आली. ऑफिसतर्फे उत्तराचा मसुदा करायचा तो हेडक्लार्कनं, म्हणजे नवघननंच. दोन दिवस त्याचं डोकं दुखत होतं. तिसऱ्या दिवशी चार पानं घेऊन तो अपांच्या टेबलाशी उभा राहिला.

"अपा, एवढं टाइप करून..."

"माझ्याविरुद्धचं?"

"साहेबांना आजच हवंय. आणि माझं अक्षर दुसऱ्या कोणाला लागत नाही."

"आण इकडे."

मशीन खडखडू लागलं आणि मध्येच थांबलं.

"नवघन, 'अर्जदाराचा दावा निराधार आहे' असं लिहिलंयस. का निराधार, ते कुठेय?"

"असंच लिहितात अपा. सगळ्याच उत्तरांत असतं."

"राहू दे मग. पण माझी रुजू झाल्याची तारीख चुकलीय. मी बाराला, तू तेवीसला. तू दोघांनाही तेवीस टाकलीस."

नवघन मान खाजवत राहिला. आम्ही सगळे फायलींत डोकं खुपसून कान टवकारलेले.

"बरोबर तारीख गेली तर तुमचीच केस पक्की होते," तो हळूच म्हणाला.

"होईल. बोल, काय टाइप करू?"

त्यानं अपांच्याच टेबलावरचं पेन उचललं आणि तेवीस खोडून बारा केलं. मग कपाट उघडून सेवाज्येष्ठतेच्या यादीची प्रत काढली आणि उत्तराला टाचली.

"साहेबांनी विचारलं, ही कशाला, तर?" मी विचारलं.

"पुरावा."

"कशाचा?"

"तू तुझं काम कर ना!"

साहेबांनी न वाचताच सही केली.

सुनावणीला आम्ही चौघं रजा टाकून गेलो. न्यायाधीशांनी यादीवर बोट ठेवलं. "वकीलसाहेब, तुमच्याच कागदात बाई वर आहेत. कोर्टात आल्या नाहीत म्हणून त्यांना मागे ठेवलंत? उद्या अख्खं खातं इथे येऊन बसेल. तुमची हरकत काय?"

सरकारी वकिलांनी चारही पानं उलटीपालटी केली. "दावा निराधार आहे, महोदय," ते म्हणाले. न्यायाधीशांनाही हसू आवरेना.

नवघनला बढती मिळाली त्याच तारखेपासून अपांना बढती, आणि यादीत त्याच्या वर. आमच्याकडे हेडक्लार्कची जागा एकच, त्यामुळे नवघनची केंद्रापड्याला बदली झाली. त्यानं तोंड पाडलं, पण बायकोचं माहेर तिथलंच. ती इतकी खूश झाली की तिनं आम्हा सगळ्यांना दहीबरा-आलुदम खायला घातलं.

महिन्याभरात भद्रकहून एक क्लार्कबाई निकालाची प्रत मागायला आली. तिचंही अगदी असंच अडलेलं. अपांनी तिला समोर बसवलं, मशीनमध्ये तीन कार्बन घातले आणि विचारलं, "तुमचा तो नंतर लागलेला माणूस कसा आहे? चांगला आहे ना?"