उजेडघड्याळ

मी घाटात रेल्वेचा ट्रॅकमन आहे. गेली बावीस वर्षं बोगद्यांमधून रूळ तपासत चालतो. उन्हातून बोगद्यात शिरलं की कुणाच्याही डोळ्यांपुढे क्षणभर अंधारी येते आणि मग भिंती दिसू लागतात. दोन वर्षांपूर्वी मला त्या उशिरा दिसू लागल्या, आणि दर महिन्याला आणखी उशिरा.

हे मी कुणाला सांगितलं नाही. माझे वडील आंदर मावळात भातशेती करायचे. चाळिशीनंतर त्यांची नजर अशीच गेली होती. आधी तिन्हीसांजेला गोठ्यातला खुंटा दिसेना, मग भर दुपारी बांध दिसेना. डोळ्याचा आतला पडदाच वाळत चाललाय, त्याला औषध नाही, असं तेव्हाच्या डॉक्टरांनी सांगितलं होतं. शेवटची वर्षं ते ओसरीवर बसून गुरं आवाजावरून ओळखायचे. माझंही तेच होणार असं मी धरूनच चाललो होतो. जितके दिवस लपेल तितके लपवायचं, एवढाच माझा बेत.

एका दुपारी मी आणि माझा कामावरचा जोडीदार बोगद्यात शिरलो आणि पाठोपाठ गाडीची शिट्टी आली. अशा वेळी अंग चोरून उभं राहायला भिंतीत कोनाडे असतात. मला कोनाडा सापडेना. मी हाताने भिंत चाचपत राहिलो. जोडीदाराने कॉलर धरून मला आत ओढलं. गाडी निघून गेली.

मग तो म्हणाला, "दिसत न्हाई ना तुला? मी लय दिवस बगतोय."

मी जागरणाचं कारण दिलं. त्याने ते ऐकून घेतलं आणि संध्याकाळी माळवली स्टेशनला उतरून थेट भाजे गावात आमच्या घरी आला. माझ्यासमोरच त्याने माझ्या बायकोला सगळं सांगितलं. पुढच्या सुट्टीला ती मला डोळे दाखवायला न्यायला सकाळीच तयार होऊन दारात उभी राहिली.

लोणावळ्यातल्या डोळ्यांच्या डॉक्टरबाईंकडे एक पेटी होती. त्यांच्या यजमानांनी घरीच तयार केलेली. तिथली मदतनीस तिला उजेडघड्याळ म्हणायची. पेटीच्या खोबणीत तोंड घालायचं. आधी मिनिटभर लख्ख दिवा, मग मिट्ट काळोख. काही वेळाने त्यात उजेडाचा एक ठिपका लागतो आणि हळूहळू उजळत जातो. तो दिसला की बटण दाबायचं. असं तीनदा, दर वेळी काळोखात आणखी थोडं थांबून. आपल्याला किती उजेड लागला आणि डोळे अंधाराला सरावायला किती वेळ लागला, हे दोन्ही पेटी कागदाच्या पट्टीवर छापते.

माझी नोकरीतली डोळेतपासणी तोंडावर आली होती. लवकर दाबलं तर नजर चांगली ठरेल, असं मला वाटलं. मी मनात दहा आकडे मोजले आणि बटण दाबलं. तीनही वेळा तसंच केलं.

बाईंनी पट्टी पाहिली. मदतनीस मुलीला बाहेर पाठवलं आणि हळू आवाजात म्हणाल्या, "दादा, तुम्ही बटण दाबलंत तेव्हा ठिपका लागलेलाच नव्हता."

मी मान खाली घातली. स्टुलावर बसलेली बायको उठून जवळ आली.

"दिसंल तवाच दाबा," ती म्हणाली. "आंधळं झालात तर मी हाय. गाडीखाली गेलात तर म्या काय करू?"

तेव्हा मी वडिलांचं सगळं सांगितलं. ती गोष्ट मी आजवर बायकोलाही पुरती सांगितली नव्हती. बाईंनी ते ऐकून घेतलं आणि मला पुन्हा पेटीपाशी बसवलं. या वेळी मी खरंच वाट पाहिली. दर वेळी ठिपका दिसला, तेव्हाच अंगठा हलवला.

नव्या पट्टीवरच्या दोन आकड्यांवर बाईंनी बोट ठेवलं. "वडिलांसारखं असतं तर अंधाराला सरावायला तुमच्या डोळ्यांना फार वेळ लागला असता. तुमची वेळ अगदी बरोबर आहे. उजेड तेवढा जास्त लागतोय, म्हणून अंधुक बोगद्यात भिंती उशिरा दिसतात. पडदा चांगला आहे, त्याच्यापुढची काच धुरकटली असणार."

त्यांनी थेंब घालून दोन्ही डोळे तपासले आणि मोतीबिंदू असल्याचं सांगितलं. वयाच्या मानाने लवकर आलाय, पण काढता येईल, म्हणाल्या. 'काढता येईल' हे मी त्यांच्याकडून पुन्हा वदवून घेतलं.

बाहेर आलो. दवाखान्याच्या पायरीवर मी बसकण मारली आणि रडलो. बायको शेजारी टेकली. लोक जात-येत होते, त्यांचं आम्हाला काही वाटलं नाही. मग तिने विचारलं, खायचं का काही? सकाळपासून दोघांच्याही पोटात अन्न नव्हतं. उसळ-पाव खाताना ती सहज म्हणाली की आठवडाभर तिला झोप नव्हती.

दुसऱ्या दिवशी मी साहेबांना स्वतःहून सगळं सांगितलं. ऑपरेशनं होईपर्यंत मला सामानाच्या कोठीवर काम मिळालं. आधी एक डोळा झाला, महिन्याने दुसरा. मग रीतसर तपासणीत पास होऊन मी पुन्हा लाइनीवर आलो.

त्या दिवशी डबा खाताना जोडीदार डोळे चोळत एकदम थांबला. त्या डॉक्टरबाईंचा दवाखाना किती वाजता उघडतो, असं त्याने विचारलं. कशासाठी, हे मी विचारलं नाही. पुढच्या सुट्टीला आम्ही दोघं मिळून गेलो.