डाव्या ताटातल्या कुरडया

काय घडलं ते नंतर. आधी मला कोणी वाचवलं ते सांगते, कारण घडलेलं सांगायला बसले की मला राग येतो, आणि रागात माणसाला उपकार आठवत नाहीत.

मला रायपूरच्या तात्यापाऱ्यातल्या एका ताईंनी वाचवलं. त्या भूगोलाच्या प्राध्यापक. वडील रेल्वेत गार्ड होते; त्यांच्या मालगाड्या कुठून कुठे जातात हे नकाशावर बघत त्या मोठ्या झाल्या, आणि पुढे आयुष्यभर जहाजांच्या वाटा बघत राहिल्या. उत्तर ध्रुवाकडे समुद्रावरचा बर्फ कमी होत चाललाय, तिथून आता जहाजं जातात. बर्फ संपायच्या आत बघून घ्यावा म्हणून पैसेवाले प्रवासीही जातात. त्या सगळ्यांच्या जाण्याने तिथे काय होतं, हा ताईंचा अभ्यास. काही महिने त्या तिकडे असत, उरलेले रायपुरात. म्हाताऱ्या वडिलांचं जेवण करायला त्यांनी मला ठेवलं, तेव्हा शहरातलं एकही मराठी घर मला स्वयंपाकघराचा उंबरा ओलांडू देत नव्हतं.

हे माझ्या सख्ख्या काकूने केलं.

माझं गाव यवतमाळकडे. मी आठवीत होते तेव्हा काकू घ्यायला आली. "रायपूर आता राजधानी झालं बाई, तिथं मोठमोठ्या शाळा. पोरीले शिकवतो आमी." आईने डोळे पुसत माझी पेटी भरून दिली. शाळा मला दिसली ती स्टेशनवरून येताना, रिक्षातून. काकू गुढियारीतल्या घरी कुरडया करून गोल बाजारात आणि तिथल्या मराठी मंडळातल्या घरी विकायची. गहू भिजवायचा, वाटायचा, चीक काढायचा, शिजवायचा, सोऱ्या दाबायचा, हे सगळं माझ्याकडे. नाव काकूचं.

नवं राज्य झालं तसे शहराच्या उत्तरेला लोखंडाचे कारखाने वाढत चालले होते. कुरडया वाळत घालायला सकाळी गच्ची झाडली की केरसुणीखाली काळी भुकटी निघायची. अनवाणी फिरलं की तळपाय काळे. माझेही, काकूचेही. ओल्या कुरडईच्या वेटोळ्यांत ती भुकटी जाऊन बसते, आणि वाळल्यावर फारशी कळत नाही. तेलात टाकली, कुरडई पांढरीशुभ्र फुलली, की मग ठिपका न् ठिपका उघडा पडतो.

तो उघडा पडला एका लग्नात. मंडळात ज्यांच्या शब्दाला वजन, त्या वकीलकाकूंच्या मुलीचं लग्न. पंगत बसली, कुरडया वाढल्या, आणि वराकडची एक बाई कुरडई उजेडाला धरून म्हणाली, "हे काळं काळं काय आहे हो?"

मी मागे कढया घासत होते. काकूनेच बसवलं होतं. तिने मनगट धरून मला ओढत पंगतीपुढे आणलं आणि माझे तळवे उलटे केले.

"हे पाहा हात! चुलीतली राख काढते अन् तशीच चीकाले हात लावते. किती सांगतलं या पोट्टीले. गावाकडची गंदी सवय, जातच नाही."

सगळी पंगत माझ्या हातांकडे बघत होती. हात काळेच होते, कढईचे.

दुसऱ्या दिवशी तिने माझी पेटी दाराबाहेर ठेवली. गावी जायची सोय नव्हती, काळ्या हातांची गोष्ट माझ्या आधी तिथे पोचली होती. जिला स्वयंपाकाशिवाय काही येत नाही आणि जिचे हात घाण, तिला कोण ठेवणार? घरोघर विचारलं. बाया दारातूनच "नको नको" म्हणायच्या, आणि माझ्या हातांकडे बघायच्या.

ताईंनीही ते ऐकलं होतं. तरी ठेवलं.

त्यांच्याकडे मी सारखी हात धुवायची. कणीक मळायच्या आधी, मळून झाल्यावर, वाढायच्या आधी. त्यांचे वडील त्यांच्या रेल्वेच्या हिंदीत ओरडायचे, "अरे बेटी, महानगरपालिका का पूरा पानी तू ही खर्च करेगी क्या?" एकदा ताईंनी येऊन नळच बंद केला.

"हात सोलून काढशील. काय झालं होतं ते सांग."

मी सांगितलं. त्या हसल्या नाहीत, हळहळल्याही नाहीत. शांतपणे म्हणाल्या, "मलाही असंच म्हणाले होते."

तिकडे जहाजांच्या वाटेजवळ त्यांनी बर्फ खरवडून गोळा केला होता. वितळवला तर खाली काजळी. जहाजांच्या धुराड्यांतली. काळ्याला ऊन जास्त लागतं, म्हणून तो बर्फ लवकर वितळतो. वितळला की आणखी जहाजं येतात. हे त्यांनी मोठ्या सभेत मांडलं, तर जहाजवाल्यांचा एक माणूस उठून म्हणाला, "बाई, ही घाण तुमच्या हातमोज्यांची असेल." लोक हसले.

"मग?"

"मग पुढच्या खेपेला दोन डबे नेले. एक बर्फावर उघडा ठेवला, एक तिथेच, पण झाकून. हात तेच, मोजे तेच. उघड्यात काजळी सापडली, झाकलेल्यात नाही."

"मग काय म्हणाला तो?"

"म्हणाला, बघू."

ते ऐकून माझ्या डोक्यात जे आलं, ते मात्र माझं स्वतःचं. ताईंनी शिकवलेलं नव्हे.

त्याच उन्हाळ्यात मंडळाने ताईंना बायकांपुढे बोलायला बोलावलं. मनातलं ताईंना सांगून मी गुढियारीला गेले, काकूच्या दारात मान खाली घालून उभी राहिले.

"काकू, ताईंच्या भाषणाले कुरडया पाह्यजेत. माह्या हातच्या तर कोणी खात नाही. तुमीच करा, अन् तुमच्याच हातानं करा."

"आता आली अक्कल!" काकू खूश. "आंघोळ करून सोवळ्यात करतो, सांग तुह्या ताईले."

ती खोटं बोलतेय हे तिला आठवतही नव्हतं. माझ्या हातांची गोष्ट इतक्या जणींना सांगून तिचा स्वतःचाच त्यावर विश्वास बसला होता. तोच माझा फायदा. इकडे मी त्याच दुकानातला गहू आणून कुरडया केल्या आणि ताईंच्या मधल्या खोलीत, खिडक्या लावून, मलमलीखाली पंख्यावर वाळवल्या.

मंडळाचा हॉल भरला होता. ताईंनी पडद्यावर पांढरं जहाज दाखवलं, लाल जॅकेटं घालून फोटो काढणारे प्रवासी दाखवले, मग वरून करडा पडलेला बर्फ. हातमोज्यांचं सांगितलं. दोन डब्यांचं सांगितलं. मग म्हणाल्या, "आता तसंच इथे बघू. डाव्या ताटात गुढियारीहून आलेल्या कुरडया येतील. कोणाच्या त्या?"

"माह्या!" काकू पुढच्या रांगेतून मोठ्याने म्हणाली. "एकटीनं केल्या, कोणाचा हात लागू देल्ला नाही."

मी मागे एकाच तेलात दोन्ही तळून ताटं आणली. उजव्यातल्या जुईच्या फुलासारख्या. डाव्यातल्या फुललेल्या, आणि सगळीकडे काळं.

वकीलकाकूंनी डाव्यातली एक उचलली. उजेडाला धरली. "उजव्या कोणाच्या?"

"माझ्या," मी म्हणाले. 

"अन् या तुझ्या," त्या काकूला म्हणाल्या. "मग माझ्या पोरीच्या लग्नात हात कोणाचे होते गं?"

काकू घाईघाईने म्हणाली, "हात नाही हो, आमच्या गच्चीवर ते कारखान्याचं काळं पडते. सारी गुढियारी काळी होऊन राहिली, मी काय करू?"

हेच मला हवं होतं. तिच्याच तोंडून, सगळ्यांसमोर. मी ताट तिच्यापुढे धरलं.

"घ्या न काकू, तुमच्याच हातच्या आहेत."

तिने घेतली नाही. मीही ताट मागे घेतलं नाही. मागच्या रांगेत कोणीतरी हसलं, आणि शेवटी तिला एक उचलावीच लागली. तिने ती खाल्ली. सगळी खाईपर्यंत मी समोर उभी होते.

त्या वर्षी काकू परत मंडळात आली नाही. लोक मला विचारतात, वाईट नाही वाटलं? नाही वाटलं. आजही नाही वाटत. आता माझ्या हातच्या कुरडया कितीतरी मराठी लग्नांत जातात आणि मला कोणी हात दाखवायला सांगत नाही. पण कुठे कढई काळी दिसली की मनगट आपोआप पदरात जातं. ते काकूने दिलंय, परत कसं करू?

त्या संध्याकाळी ताटं धुताना ताई स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभ्या राहिल्या. "तुझं झालं," म्हणाल्या. "माझावाला अजून बघूच म्हणतोय."

तो अजूनही बघतोच आहे. जहाजं वाढत चालली आहेत, ताईंचे केस पांढरे झाले आहेत, आणि सभांमध्ये कोणी ना कोणी अजून हातमोज्यांचं काढतं. मला विमानाची भीती वाटते, लिफ्टचीही वाटते, परदेशात बोलायचं काय तेही कळत नाही. तरी ताई, एक दिवस तुम्ही त्या माणसासमोर उभ्या राहाल तेव्हा मी तुमच्याबरोबर येणार. गुढियारीच्या गच्चीवरच्या आणि मलमलीखालच्या, दोन्ही कुरडया घेऊन. तिथेच तळीन. डावं ताट आधी त्याच्यापुढे धरीन, आणि तुमचे हात स्वच्छ होते असं तो सगळ्यांसमोर म्हणेपर्यंत मागे घेणार नाही.