अळूवडी, नग चार

निवृत्तीनंतर मला चौकशी अधिकारी म्हणून कामं मिळू लागली, तेव्हा डोंबिवलीच्या आमच्या सोसायटीत मी उगाचच छाती पुढे काढून चालायचो. सरकारी नोकरावर आरोप झाला की दोन्ही बाजू ऐकून तो खरा की खोटा, हे मी सांगायचं. बायको म्हणायची, "घरात तर एकच बाजू ऐकता. तीही स्वतःची."

ठाण्यातल्या एका कार्यालयाचं प्रकरण आलं. जुन्या फायली सांभाळणाऱ्या, कोपरीला राहणाऱ्या एका लिपिक बाईंवर आरोप होता की, बाळकुमच्या एका जमिनीची फाइल त्यांनी मुद्दाम गहाळ केली. सिद्ध झालं असतं तर नोकरी गेली असती, आणि घरात कमावत्या त्या एकट्याच.

तिसऱ्या सुनावणीनंतर बाईंनी वरिष्ठांकडे अर्ज केला: चौकशी अधिकारी पक्षपाती आहेत, बदलून द्यावेत. त्याची प्रत खुलाशासाठी माझ्याकडे आली आणि ती वाचून माझं डोकंच फिरलं. "चौकशी अधिकारी मधल्या सुट्टीत सादरकर्ता अधिकाऱ्यांच्या डब्यातील पदार्थ खातात. पहिल्या सुनावणीस भरली वांगी. दुसऱ्या सुनावणीस अळूवडी, नग चार."

सादरकर्ता अधिकारी म्हणजे कार्यालयातर्फे आरोप मांडणारा. आता दुपारी एक वाजता टेबलावर पेपर पसरून सगळ्यांनी डबे उघडायचे, ही तर आमच्या कचेऱ्यांची जुनी रीत. समोरच्याने "घ्या हो साहेब" म्हटल्यावर नको म्हणणं मला जन्मात जमलेलं नाही. बाई मात्र बाहेर बाकावर बसून एकट्या जेवायच्या. त्यांना कोणी बोलावलं नाही, आणि मला ते खटकलंही नाही.

"चार नाही, दोनच खाल्ल्या!" मी घरी ओरडलो.

"दोनवर थांबलात? तुम्ही?" बायकोने भाजी चिरता चिरता विचारलं.

मी इरेला पेटून तीन पानी खुलासा लिहायला घेतला. माझी एक पद्धत होती. जुन्या अहवालाचा साचा घ्यायचा आणि सुनावण्या चालू असतानाच त्यात नवा मजकूर भरत जायचा, वेळ वाचतो. तो अर्धवट अहवाल मी उघडला. माझ्या प्रत्येक वाक्याला साक्षीचा आधार आहे, हे मला दाखवून द्यायचं होतं. एक वाक्य होतं: "सदर कर्मचाऱ्यास फायली घरी नेण्याची सवय असल्याचे दिसून येते." हे कुठल्या साक्षीदाराने सांगितलं ते बघायला सुनावण्यांची नोंद चाळली. पुन्हा चाळली. कोणीच तसं बोललेलं नव्हतं.

मग आठवलं. सादरकर्ता अधिकारी म्हणाला होता, "साहेब, अजून एक घ्या ना. बाईंचं काय सांगू, फायली घरी न्यायची सवयच आहे त्यांना." माझं तोंड भरलेलं होतं, म्हणून मी नुसती मान डोलावली होती.

मला फार लाज वाटली. तीन पानं फाडून टाकली आणि एका ओळीत लिहिलं, आक्षेपात तथ्य आहे, अधिकारी बदलावा. नगांच्या आकड्याबद्दल हरकत नोंदवायचा मोह मात्र मोठ्या कष्टाने आवरला.

काही महिन्यांनी कळलं, बाई निर्दोष सुटल्या. नव्या अधिकाऱ्याने एका निवृत्त शिपायाला साक्षीला बोलावलं होतं. ती फाइल आपणच दुसऱ्या शाखेत नेऊन दिली होती, असं त्याने सांगितलं, आणि तिथल्या कपाटात ती सापडलीसुद्धा. झालं, मी भेटेल त्याला सांगत सुटलो, बघा, मी बाजूला झालो म्हणून बाई वाचल्या.

एकदा बायकोने मध्येच विचारलं, "मग त्या शिपायाला तुम्हीच का नाही बोलावलंत?"

बाईंनी त्याला बोलवा म्हणून माझ्याकडे लेखी अर्ज दिला होता. एक वाजत आला होता. मी त्यावर 'आवश्यकता नाही' असा शेरा मारला आणि जेवायला उठलो.