कुंपणाआडची वाकळ

अकोटच्या वेशीबाहेर जानरावांचा भाजीचा मळा होता. तिथे त्यांच्या पत्नी सत्यभामाबाईंची सकाळ भाजी खुडण्याने नव्हे, वाकळ धुण्याने सुरू होई. लेक कौशल्या दहा वर्षांची झाली तरी आठवड्यातून चार-पाचदा झोपेत अंथरूण ओले करी. धुतलेली वाकळ वांग्यांच्या वाफ्यांपलीकडे, कुंपणाच्या आतल्या अंगाला वाळत पडे. रस्त्यावरून कोणाला दिसू नये एवढीच त्यामागची काळजी.

१९३६ च्या फाल्गुनापर्यंत उपायांत काही कसर राहिली नव्हती. तीळगुळाचे लाडू झाले, ताईत झाला, एकदा रागाच्या भरात पाठीत धपाटाही झाला. अलीकडचा उपाय घरीच शोधलेला होता : दुपार कलली की पोरीचे पाणी बंद. मात्र आता मुदत पडली होती. कौशल्येला जूनपासून अमरावतीच्या मुलींच्या वसतिगृहात जागा मिळेल, असे शाळेच्या बाईंनी कळवले होते, आणि अभ्यासात पुढे असलेली पोर "मले शिकाचंच नाई" म्हणून अडून बसली होती. तिला शिकायचे होते. अडचण कुठे होती ते आईला ठाऊक होते. विधवा होऊन माहेरी राहिलेली नणंद पार्बताबाई ते उघड बोलून दाखवी.

"वीस पोरी निजतात तिथं एका खोलीत. चांगलं नाव काढन आपलं."

वसतिगृह पाहून येतो, असे घरी सांगून सत्यभामाबाई लेकीला घेऊन मोटारीने अमरावतीला गेल्या, आणि उतरल्यावर सरळ बायकांच्या दवाखान्याचा रस्ता धरला. बाकावर अनोळखी बायका खेटून बसल्या होत्या. आत जायची पाळी आली तेव्हा सत्यभामाबाईंची जीभ रेटेना. "माह्यं पोट दुखते," त्या म्हणाल्या. डॉक्टरीणबाई त्यांचेच पोट तपासू लागल्या.

"माय," कौशल्या हळूच म्हणाली, "दुखणं माह्यं हाय नं."

मग खरे काय ते सगळे बाहेर आले. डॉक्टरीणबाईंनी पोरीची लघवी तपासायला घेतली, पोट चाचपले आणि एकेक गोष्ट विचारून कागदावर उतरवली.

"शौचाला रोज होते?"

"तिसऱ्या-चवथ्या दिवशी."

"पाणी किती पिते?"

"दुपारपासून देतच नाई, बाई."

"या उन्हात?" डॉक्टरीणबाईंनी लेखणी खाली ठेवली. "पोट साफ नसलं की लघवीच्या पिशवीला जागा उरत नाही. पोट साफ व्हायचं औषध देते. दिवसभर पाणी भरपूर द्या, फक्त निजायच्या आधी थोडं कमी. निजताना लघवीला पाठवा. झोपेत तिला कळतच नाही. ती मुद्दाम करत नाही. मारलंत कधी?"

"एकदाच," आईच्या आधी कौशल्येनेच उत्तर दिले.

"पुन्हा नको. आणि घरात आणखी कुणाला लहानपणी असं व्हायचं का?"

"नाई," सत्यभामाबाईंनी ठामपणे सांगितले. त्यांना तसेच वाटत होते.

दुसऱ्या दिवशी दुपारी मळ्यात जेवण वाढताना त्यांनी सारे सांगितले, हा प्रश्नही सांगितला. जानरावांचा घास हातातच राहिला. पार्बताबाई भावाकडे बघत होती.

"सांग नं आता. कायले चूप बसून राहिला? का मीच सांगू कोणं धुतल्या तुह्या वाकळा?"

जानरावांनी हातातला घास ताटात ठेवला. मग बायकोकडे न पाहता लेकीला म्हणाले, "मलेबी व्हतं. बाराव्या वर्सी गेलं."

"कशानं गेलं?"

"कशानंच नाई. आपोआप."

"आन् आत्यानं धुतल्या?"

"साऱ्या," पार्बताबाई म्हणाली. "बापाले कळू देल्लं नाई म्या." कौशल्या हसली, तशी तीही हसली. भावाची वाकळ झाकणारी हीच बाई भाचीला इतकी का टोचत होती, हे सांगता येणार नाही. त्या दिवसापासून टोचणे थांबले, एवढे मात्र खरे.

अमरावतीच्या औषधाने आठ दिवसांत गुण आला, असे पुढे त्या घरात सांगत. तसे झाले नव्हते. पोट साफ व्हायला पंधरा दिवस गेले. चैत्रात आठवड्यातल्या चार-पाच ओल्या रात्रींच्या तीन झाल्या, वैशाखात एक. मध्येच एकदा सलग तीन. जून उजाडला तेव्हा दहा-बारा दिवसांतून एखादी रात्र उरली होती. उरली होती, हे महत्त्वाचे.

वसतिगृहाच्या ओसरीवर देखरेखीच्या दुर्गाबाई नावे लिहून घेत होत्या. हे सांगायचे की लपवायचे, यावर मायलेकींचे मोटारीत एकमत झाले नव्हते. सत्यभामाबाई पुढे सरकून सांगू लागल्या, तर कौशल्येने त्यांचे लुगडे ओढले.

"मी सांगतो," ती म्हणाली, आणि दुर्गाबाईंसमोर उभी राहिली. "मले कधी कधी झोपेत लघवी होते. दवा चालू हाय. वाकळ मीच धुवीन."

दुर्गाबाईंनी नाव पुरे लिहिले, मग मान वर केली. "पहिलीच नाहीस तू. लवकर उठून जाता येईल अशी दाराजवळची जागा देऊ, की खिडकीजवळ हवी?"

"दाराजवळची," कौशल्या म्हणाली, आणि आईच्या हातातली वळकटी घेऊन आत गेली.