कुंपणावरची लाल गोधडी

आमच्या ओढ्याकाठी कुणी गेलं की पाद्र्याच्या आधी माझ्या आत्याला निरोप जायचा. पाद्री महिन्यातून एकदा डोंगर उतरून यायचा, आणि मयत काही त्याच्यासाठी थांबत नाही. डॉर्कस हॉलिफील्ड मात्र अर्ध्या तासात दारात उभी असायची. बाह्या दुमडलेल्या, काखेत फडकी, साबणाची वडी आणि कापराची बाटली. आल्या आल्या ती घड्याळाचा लंबक थांबवायची, आरशावर चादर टाकायची आणि रडणाऱ्या बायकांना पाणी तापवायला पिटाळायची.

मयताशी ती बोलायची. जिवंत माणसांशी बोलायची त्यापेक्षा जास्तच. "हात सैल सोड रे बाबा, आता काय कुणी कुऱ्हाड मागायला येत नाही," असं म्हणत ती मेलेल्याची मूठ उलगडायची. एकदा एका कंजूष म्हातारीचा जबडा बांधताना म्हणाली, "जन्मभर मिटलेलं होतं, आज नेमकं उघडं राहतंय." त्या म्हातारीची सून ॲप्रनमध्ये तोंड खुपसून हसली, आणि मग तिला खरं रडू आलं.

सगळं आवरलं की शेवटचं काम अंथरुणाचं. मेलेल्याच्या अंगावरचं पांघरूण त्याच दिवशी धुऊन, सूर्य मावळायच्या आत उघड्यावर वाळत पडलंच पाहिजे, नाहीतर त्या घरातलं दुसरं माणूस जातं, असं आमच्याकडे मानतात. आत्या ते काम दुसऱ्या कुणावर सोडत नसे.

मी तिच्याकडे राहायला आले तेव्हा सोळा वर्षांची होते. माझी आई गेली होती आणि लढाई संपून सहा वर्षं झाली होती. पहिल्याच वसंतात मी आत्याची गोधडी धुतली आणि सगळे घालतात तशी कुंपणावर टाकली. आत्या शेताच्या पार त्या टोकाला होती. नांगरटीतून धडपडत, झगा वर धरून ती धावत आली, गोधडी खाली ओढली आणि ओलीच्या ओली छातीशी धरून उभी राहिली. रागावली नाही. एवढंच म्हणाली, "आपल्याकडे आत वाळवतात, लव्ही."

आणि खरंच, आमचं सगळं पांघरूण वर्षानुवर्षं चुलीसमोर वाळायचं. त्याला कायम धुराचा वास असायचा. आत्याची खुर्चीही खिडकीकडे पाठ करून ठेवलेली. त्या खिडकीतून ओढ्यापलीकडे टेंपी बर्लेसनचं घर दिसायचं. टेंपीची सासू वारली, नंतर तिचा दीर वारला, दोन्ही वेळा आम्हाला निरोप आला नाही. चर्चमध्ये त्या दोघी एकमेकींना मान हलवायच्या, पण इतक्या वर्षांत मी त्यांना शब्द बोलताना ऐकलं नाही.

आत्याने मला सगळं सांगितलं ते शेवटच्या वर्षी. पाय सुजून भोपळ्यासारखे झाले होते आणि तिला काय ते कळून चुकलं होतं.

तिला एकच मुलगा, ॲब्नर. नवरा पडत्या झाडाखाली सापडून मेला तेव्हा पोर चार वर्षांचं होतं. दक्षिणेच्या राज्यांनी देशापासून वेगळं व्हायचं ठरवलं आणि आमच्या खोऱ्यातली पोरं भरतीला गेली, तेव्हा ॲब्नर आणि टेंपीचा नवरा एनॉक एकाच सकाळी, एकाच खेचरावर आळीपाळीने बसत गेले. आमच्या ओढ्यावर कुणाकडे गुलाम नव्हते, एका गिरणीवाल्याकडे सोडून. तो गिरणीवाला लढाईला गेलाच नाही. विकत घेतलेली माणसं ज्याच्याकडे पुरेशी होती त्याला कायद्यानेच सूट होती, आणि घरी राहून तो होमगार्डचा कॅप्टन झाला. पळालेले शिपाई शोधणं हे त्याचं काम.

ॲब्नर व्हर्जिनियात हगवणीने मेला. एनॉकने त्याचे डोळे मिटले, त्याचा चाकू खिशात घातला आणि तिथून जो चालत सुटला तो तेवीस दिवसांनी आमच्या डोंगरावर येऊन थांबला. घरी येणं शक्य नव्हतं. वरच्या दाट जाळीत तो लपून राहायला लागला. चाकू टेंपीच्या हाती आत्याकडे आला.

"तो चाकू घेताना मी टेंपीचे हात धरून रडले," आत्या म्हणाली. "आणि ती वळल्यावर मनात आलं, हिचा चालत आला, माझा का नाही?"

एनॉक डोंगरावर आहे हे सगळ्या ओढ्याला ठाऊक होतं. टेंपी त्याला खाली कसं बोलावते ते मात्र तिने कुणाला सांगितलं नव्हतं. तिच्याकडे दोनच गोधड्या उरल्या होत्या, बाकीच्या पलटणीने नेल्या. निळी कुंपणावर असली तर वरच राहा. लाल असली तर रस्ता मोकळा आहे, ये.

अठराशे चौसष्टच्या ऑक्टोबरात एक अलाबामाची तुकडी खोऱ्यातून गेली आणि तापाने फणफणलेला एक शिपाई टेंपीच्या ओसरीवर टाकून गेली. नाव ल्यूथर म्हणाला, आडनाव सांगायच्या आत तापात बडबडायला लागला. ज्यांच्या भीतीने नवरा डोंगरावर, त्यांचाच माणूस हिच्या बिछान्यात. पण पोराला हुडहुडी भरली होती. टेंपीने पांघरायला लाल गोधडी दिली, कारण ती जाड होती. त्यामुळे अकरा दिवस कुंपणावर लाल काही दिसलंच नाही आणि एनॉक वर अकरा दिवस चिंचोके खावेत तशी ओकची फळं चावत बसला.

बाराव्या दिवशी सकाळी ल्यूथर मेला.

आत्या गेली. तिने त्याला आंघोळ घातली, केस विंचरले. मयताच्या छातीवर बशीत मीठ ठेवतात, पण त्या वर्षी मीठ कुठलं? मांस धुरवायच्या खोलीतली जमीन उकरून, ती खारट माती उकळून लोक जेवणापुरतं मीठ काढत होते. आत्याने ती मातीच मूठभर बशीत ठेवली. "घे बाळा," म्हणाली, "डुकराच्या मांसाच्या शेजारची आहे, पण खारट आहे."

तेवढ्यात होमगार्ड आले. कॅप्टन आणि पाच जण. शिपायाची बंदूक सरकारजमा करायची होती. घोडी त्यांनी ओढ्याच्या वळणावर सावलीत बांधली आणि सगळे ओसरीवर बसले. वर डोंगरावरून ना ओसरी दिसते ना ते वळण. कॅप्टनने मक्याची भाकरी मागितली.

"टेंपी, परक्या पोराची एवढी सेवा केलीस," तो घास चावत म्हणाला, "घरच्याला वाटेल, आपण उगाच डोंगर चढलो."

टेंपीने त्याच्यासमोर ताकाचा लोटा ठेवला.

मागच्या अंगणात आत्याने गोधडी धुतली, पिळली, आणि कुंपणावर पसरली. लाल बाजू उन्हाकडे. पाव तासात एनॉक मक्याच्या ताटांतून बाहेर आला, जवळजवळ धावतच. अकरा दिवसांचा भुकेला माणूस. दोन बार झाले. आत्याच्या हाताला तेव्हाही साबणाचा फेस होता.

कॅप्टन तोंड पुसत उठला आणि म्हणाला, "बरं झालं, बाई आधीच आलेली आहे."

आत्या एनॉकच्या दिशेने निघाली तेव्हा टेंपी आडवी आली. "हात लावू नकोस," एवढंच म्हणाली. तिने त्याला एकटीने धुतलं. फळ्या होत्या त्या ल्यूथरच्या पेटीला गेल्या होत्या, म्हणून एनॉकला त्या लाल गोधडीत, ओलीच होती, तशी गुंडाळून पुरलं.

मी म्हटलं, "पण तुला खुणेचं काय माहीत? तू तर रीत पाळलीस. कुणीही तेच केलं असतं."

"तेच तर सांगते," ती म्हणाली. "माझ्या खिडकीतून तिचं कुंपण दिसतं. सात महिने मी बघत होते. लाल पडली की संध्याकाळी तिच्या धुराड्यातून जास्त धूर निघायचा. दोन माणसांच्या स्वयंपाकाचा. मी ते मनात कधी बोलले नव्हते, पण बघितलं होतं. मग त्या दिवशी मला माहीत होतं की नव्हतं, लव्ही? वीस वर्षं मी मनाने त्या कुंपणापाशी जाऊन उभी राहते. हातात ओली गोधडी असते. आणि दर वेळी मी स्वतःला विचारते, आणि दर वेळी हात आधीच पसरून मोकळे झालेले असतात."

ते टेंपीला सांगितल्याशिवाय तिला मरायचं नव्हतं. टेंपी येणार नाही, याचीही तिला खात्री होती.

मी दुसऱ्या दिवशी ओढा ओलांडून गेले. टेंपीमावशी शेंगा सोलत बसली होती. मी निरोप सांगितला. तिने पाटीतल्या सगळ्या शेंगा सोलून संपवल्या, पाटी आत ठेवली, टोपी घातली, आणि माझ्या पुढे चालायला लागली.

आत्याच्या खाटेशी ती उभीच राहिली. आत्याने सगळं सांगितलं, मला सांगितलं होतं तसंच. धूर, खिडकी, सात महिने. कुठे स्वतःची बाजू घेतली नाही. शेवटी म्हणाली, "टेंपी, मला माहीत होतं की नाही, ते तूच सांग. तू जे म्हणशील ते घेऊन मी जाईन."

टेंपीमावशी खुर्चीत बसली. त्याच खुर्चीत, पण आधी ती उचलून तिने खिडकीकडे तोंड करून ठेवली.

"ताई, मीही बघितली होती," ती म्हणाली.

"काय?"

"गोधडी. तू टाकलीस तेव्हाच. कॅप्टनला ताक देत होते, मागच्या दारातून सरळ दिसत होती. लालभडक. एनॉक एवढ्यात बघणार नाही, असं मनाला सांगितलं. भाकरी संपेल, हे जातील, मग काढू म्हटलं."

"मग उठली का नाहीस?"

"आत्ताच वाळत घातलेली ओली गोधडी कुणी काढतं का? कॅप्टनने लगेच ओळखलं असतं. पलीकडच्या खोऱ्यात एका बाईने नवऱ्याचा पत्ता सांगितला नाही म्हणून होमगार्डांनी तिचे अंगठे कुंपणाच्या लाकडाखाली घालून चिरडले होते. तूच तिला पट्टी बांधून आली होतीस, तूच मला सांगितलं होतंस." तिने आपले हात ॲप्रनखाली घेतले. "मला माझ्या अंगठ्यांची भीती वाटली, ताई. एनॉकची नाही. पाव तास मी माझ्या अंगठ्यांचा विचार केला."

चुलीतलं लाकूड ढासळलं. कुणी ते सावरायला उठलं नाही.

"वीस वर्षं तू माझ्याशी बोलली नाहीस," आत्या म्हणाली.

"सगळे तुझ्याकडे बघत होते. मी बोलले असते तर माझ्याकडे बघितलं असतं."

मला वाटलं, आता आत्या रडेल किंवा चिडेल. तिचा तो हक्क होता. तिने उशीवर मान फिरवली आणि विचारलं, "मग मला माहीत होतं की नाही?"

टेंपीमावशीने खिडकीबाहेर, स्वतःच्या कुंपणाकडे बघितलं. "मला नाही सांगता येत," ती म्हणाली. "मी खोटं सांगू शकते. सांगू?"

"नको," आत्या म्हणाली. "राहू दे. दोघींत राहू दे."

त्यानंतर टेंपीमावशी रोज यायची. बोलायच्या त्या फारसं काही नाही. शेंगा आणायची आणि दोघी सोलायच्या. एकदा आत्या म्हणाली, "तुझ्या शेंगा आजन्म किडक्याच." टेंपीमावशी म्हणाली, "तुझ्या दातांना तेवढ्याच झेपतात." मी ते ओसरीवरून ऐकलं आणि मला उगीचच भीती वाटली, जणू त्या खोलीत तिसरंही कुणी ऐकत बसलं होतं.

सातव्या दिवशी दुपारी आत्या गेली. मी लंबक थांबवला, आरसा झाकला आणि पाणी तापत ठेवलं. हे काम मला आता येत होतं. पण टेंपीमावशी दारात आली, बाह्या दुमडलेल्या, आणि म्हणाली, "मला करू दे."

तिने आत्याला सावकाश धुतलं. तोंडाने काही बोलत नव्हती. फक्त मूठ उलगडताना म्हणाली, "सोड, ताई." मुठीत ॲब्नरचा चाकू होता. तो तिने बघितला, आणि परत मूठ मिटून दिली.

मग तिने गोधडी धुतली. मी चुलीसमोर दोरी बांधायला लागले, सवयीने. ती मला ओलांडून बाहेर गेली आणि गोधडी कुंपणावर टाकली, डोंगराच्या बाजूला, अगदी ताणून. मला ती गोधडी इतकी वर्षं तपकिरी वाटत होती. उन्हात बघितली तर पिवळी होती. हळदीसारखी.

"मावशी, तुम्ही आत येऊन टेका," मी म्हटलं. "मी बघते."

"वाळू दे," ती म्हणाली आणि पायरीवर बसली.

मी तिच्या शेजारी बसले. ऊन कलत होतं. ती गोधडीकडे बघतच नव्हती. तिची नजर पलीकडे, मक्याच्या ताटांच्या कडेला लागली होती, जिथे जाळीतून पायवाट उतरते. वारा आला की ताटं हलायची आणि तिचे दोन्ही हात ॲप्रनखाली जायचे. थोड्या वेळाने माझ्या लक्षात आलं, मीही तिकडेच बघत होते.