शेवटची नबद

मलकपेठेत रेसकोर्सच्या मागच्या गल्लीत कुणालाही ‘सेबवाले नामदेवराव’ म्हणून विचारा, घर दाखवतील. टीव्हीवर येऊन गेलेला माणूस, थट्टा नाही! पण हल्ली कोणी त्या नावानं हाक मारली की नामदेवराव उत्तर न देता आत निघून जातात आणि कडी लावून घेतात. लोक म्हणतात, म्हाताऱ्याला शिंगं फुटली. शिंगं कसली फुटताहेत, आतून पोखरलाय तो माणूस. का पोखरलाय ते भामाबाईंना ठाऊक, आणि आता तुम्हाला सांगतो.

माणूस तसा सरळ. वडील भालकीकडचे शेतकरी, पोटासाठी हैदराबादेत आले. नामदेवरावांनी नारायणगुड्याच्या एका शाळेत कारकुनी करून केस पिकवले. घरात मराठी, बाजारात तेलुगू आणि डोकं फिरलं की दखनी. निवृत्तीनंतर वरची खोली मोकळी पडली. जानेवारीत नामपल्लीला नुमाइश, म्हणजे मोठं विक्री-प्रदर्शन, भरते, तेव्हा दूरदूरचे व्यापारी महिना-दीड महिन्यासाठी खोल्या शोधत फिरतात. त्यांतलेच एक काश्मीरचे अब्दुल अहद, अक्रोड आणि केशर विकणारे, वर राहायला आले. सत्तरीचे, बोलके, आणि चहात साखर कमी पडली तर स्वयंपाकघराच्या दारात येऊन भामाबाईंकडे गोड तक्रार करणारे. पुढं दर जानेवारीला ती खोली त्यांचीच ठरून गेली.

पहिल्या वर्षी त्यांनी भामाबाईंच्या हातावर एक सफरचंद ठेवलं. पिवळट, लहानसं, दिसायला अगदीच गरीब. पण कापलं तर सगळ्या घरात वास दरवळला. त्याचं नाव नबद. नबद म्हणजे खडीसाखर, आणि गोडीही तशीच. ही जात कुठल्या पुस्तकात नाही की सरकारी यादीत नाही. अहद साहेबांच्या आजोबांनी डोंगरातल्या एका झाडावरून तिची कलमं केलेली, आणि त्यांच्या बागेच्या कोपऱ्यात तिची तीन झाडं. साऱ्या दुनियेत तीनच, हे अहद साहेब छातीवर हात ठेवून सांगत.

मग गप्पा सुरू झाल्या. तुम्ही बाजारात बघता ते लाल चकचकीत म्हणजे एकच सफरचंद हजार वेळा, असं ते म्हणायचे. खरी मजा वेगळीच. अंबरी महिनोन् महिने टिकते आणि टिकता टिकता जास्तच गंधाळते. महाराजी इतकी आंबट की झाडाखाली उभं राहून खाल्लीत तर डोळे मिटतील, तीच थंडीभर गवतात ठेवली की निवळते. त्रेल तर मुठीत मावणारं, त्याची फोड करायची नाही, अख्खंच खायचं. प्रत्येक जातीचं एक घर, एक म्हातारी, एक भांडण. ऐकता ऐकता नामदेवरावांना वेड लागलं. पुढच्या खेपेला अहद साहेबांनी ओल्या शेवाळात गुंडाळून दोन रोपं आणि कलमकाड्या आणल्या, आणि मलकपेठेच्या अंगणात, शेजारी हसत असताना, पहिलं कलम बांधलं गेलं.

नऊ वर्षांत त्या दोन झाडांवर सहा जाती बसल्या. एका झाडावर अंबरी, महाराजी, त्रेल आणि दोन बिननावाच्या. दुसऱ्यावर सबंध नबद. हैदराबादेत झाडाला थंडी कळत नाही, पानं गळतच नाहीत. म्हणून नामदेवराव डिसेंबरात पाणी तोडायचे आणि स्टुलावर चढून एकेक पान हातानं ओरबाडून काढायचे. झाड उघडंबोडकं झालं की त्याला हिवाळा आल्यासारखं वाटतं, मग ते फुटतं. फुटायचं हो, पण पानांनीच. फूल काही येईना. आणि गल्लीतली माणसं काय, त्यांना तेवढंच हवं असतं. नामदेवराव, सेब कधी खिलाते? नामदेवराव, पुढल्या जन्मी का? दुधवालासुद्धा विचारायचा. हसून घालवायचे, पण ते मनाला लागत होतं.

करोनाची दोन वर्षं नुमाइश धड भरलीच नाही आणि अहद साहेब आले नाहीत. त्याच दोन वर्षांत हे सगळं झालं. मुलगा संदेश गच्चीबावलीच्या कंपनीत. त्यानं फोनवर कुठलीतरी नवी जात शोधली, उन्हाळी मुलखातही धरणारी. रोप मागवलं. नामदेवरावांनी गंमत म्हणून तिच्या चार काड्या महाराजीच्या फांदीवर बांधल्या, आणि दुसऱ्याच वर्षी, बघा नशीब, अकरा सफरचंदं लागली! सगळी गल्ली लोटली. पेढे वाटले. जो दुधवाला हसत होता त्यानं झाडाबरोबर फोटो काढून घेतला.

इथंच माणूस घसरला. कौतुकाची चटक फार वाईट. अंबरी कापून तिथं नवी, त्रेल कापून तिथं नवी. भामाबाई म्हणाल्या, अहो, परक्याची ठेव आहे ती, हात लावू नका. त्यावर ह्यांचं ठरलेलं उत्तर, नबद ठेवलीय ना, तिला कुठं हात लावतोय? मग नबदच्याही फांद्या एकेक करून गेल्या, आणि भिंतीकडची एकच उरली. तेलुगू वाहिनीचे लोक येणार त्या सकाळी नामदेवरावांना वाटलं, ही वांझोटी फांदी मध्येच डोळ्यांत खुपतेय. करवत हातात होतीच. दोन मिनिटांचं काम. तोडलेली फांदी कचऱ्याच्या गाडीत गेली आणि नामदेवराव इस्त्रीचा सदरा घालून टीव्हीवर आले.

त्या शरद ऋतूत अहद साहेबांचा फोन आला. आवाज बसलेला. मुलानं, म्हणजे फैयाजनं, बागेत विलायती बुटकी झाडं लावली होती, कोपऱ्यातल्या तीन नबद तेवढ्या राखल्या होत्या. दोन अवेळी पडलेल्या बर्फाखाली मोडल्या. तिसरी मुळं कुजून उभीच्या उभी वाळली. हे सांगून त्यांनी विचारलं, “नामदेव भाई, तुमच्याकडची आहे ना?”

“हौ, है ना,” नामदेवराव म्हणून गेले.

विचार करून म्हणाले असते तर आणखी वाईट वाटलं असतं. विचारच केला नाही. इतकी वर्षं दर फोनवर त्यांचा हाच प्रश्न, ह्यांचं हेच उत्तर, जीभ आपली आपण वळली. पलीकडून म्हाताऱ्याच्या रडण्याचा आवाज आला. अल्लाचे आभार मानत होता. आता कसं सांगणार?

भामाबाईंनी तोंडावर सुनावलं. “तुम्ही सांगा. नाहीतर मी सांगते.” रोज एकदा म्हणायच्या. ते रोज उद्यावर ढकलायचे. डिसेंबरात त्यांनी नेहमीसारखी पानं ओरबाडली, पण या वर्षी सारखे मध्येच थांबायचे, कारण पान नसलेल्या काडीला चेहरा नसतो, ती कुठल्या जातीची ते ओळखू येत नाही, हे त्यांना माहीत होतं आणि आपल्याला हे माहीत आहे याचीच त्यांना धास्ती वाटत होती. काही केलं नव्हतं अजून. तरी घरात वावरताना ते भामाबाईंची नजर चुकवायला लागले.

जानेवारीत अहद साहेब आले ते थेट अंगणात. सामान रस्त्यावरच राहिलं. एका डोळ्याचा मोतीबिंदू काढलेला, दुसऱ्याचा पिकलेला. झाडाला मिठी मारून उभे राहिले, खोडाला गाल लावला. भामाबाई सांगायच्या तयारीनं बाहेर आल्या होत्या. ते बघितलं आणि पदर तोंडाला लावून तशाच माघारी गेल्या. त्यांनाही जमलं नाही, आणि त्याचा राग त्यांनी पुढं कितीतरी दिवस भांड्यांवर काढला.

जायच्या दिवशी नामदेवरावांनी काड्या कापून दिल्या. जाड, टपोऱ्या डोळ्यांच्या, नव्या जातीच्या. ओल्या फडक्यात बांधल्या. अहद साहेबांनी एक काडी नाकाशी नेली, बोटानं साल चाचपली आणि म्हणाले, रंग जरा लाल झालाय, इथल्या उन्हानं असेल. नामदेवराव म्हणाले, उन्हानंच. म्हाताऱ्यानं स्वतःच सबब हातात दिली आणि ह्यांनी ती घेतली. मी सांगतो, चोरी करणारा माणूससुद्धा त्या क्षणी जरा थांबला असता. नामदेवराव थांबले नाहीत. रिक्षा गेली तेव्हा त्यांना सुटल्यासारखं वाटलं, आणि ते वाटणं जेमतेम चहा होईपर्यंत टिकलं.

मग बातम्या येऊ लागल्या. प्रत्येक बातमी चांगली, आणि प्रत्येक बातमीनं ह्यांची झोप उडायची. चाळीस झाडांवर कलमं बांधली. चाळीसही धरली. फैयाज आधी नाही म्हणत होता, मग बापाचा आनंद बघून त्यानं अर्धी विलायती बाग उपटली. गावातल्या अकरा घरांनी काड्या मागून नेल्या, नबद परत आली म्हणून. अकरा घरं! नामदेवराव कॅलेंडरवर बघत बसायचे, झाडाला फळ धरायला किती वर्षं, दोन की तीन. नबदचं नाव निघालं तरी जेवणावरून उठायचे. पुढच्या दोन्ही जानेवारीत अहद साहेब छातीच्या दुखण्यानं आले नाहीत, तर ह्यांना आधी बरं वाटलं आणि मग बरं वाटल्याची शरम वाटली.

दुसऱ्या वर्षीच्या फेब्रुवारीत भर दुपारी फोन वाजला. फैयाज होता. म्हणाला, चाचा, झाडं फुलली. खाली बर्फ आहे आणि वर फुलं. अजून थंडीचा महिना पुरता बाकी, आणि चाळीसच्या चाळीस झाडं पांढरी झाली. अब्बा सकाळपासून बागेत आहेत, घरातली पांघरुणं झाडांवर टाकताहेत, शेकोट्या लावताहेत, अंगात ताप आहे, कोणाचं ऐकत नाहीत.

नामदेवरावांना लगेच उमगलं. ती उन्हाळी मुलखातली जात, तिला थोडीशी थंडी झाली की पुरे, चार दिवस ऊन पडलं की ती फसून फुलणार आणि पुढच्या हिमात सगळी फुलं काळी पडणार. यंदा, पुढच्या वर्षी, दर वर्षी. ते पायरीवर बसले आणि दोन वर्षं दडवलेलं एकदाचं बाहेर आलं.

“बेटा, ती नबद नाही. नबद मी कापली. माझ्या हातानं कापली.”

शिव्या येतील म्हणून त्यांनी डोळे मिटून घेतले. शिव्या आल्या असत्या तर बरं झालं असतं.

“पहिलं पान फुटलं तेव्हाच मी ओळखलं, चाचा,” फैयाज शांतपणे म्हणाला. “अब्बांना दिसत नाही. त्यांना हे सांगू नका. आज सांगाल तर ते आजच जातील. फक्त आत जायला सांगा. ते तुमचं ऐकतील.”

नामदेवराव काही बोलायच्या आत फोन दुसऱ्या हातात गेला होता. वाऱ्याचा आवाज, खोकला, आणि मग अहद साहेब, धापा टाकत, लहान मुलासारखे खूष. फूल आया, नामदेव भाई, फूल आया! नामदेवरावांनी मुबारक म्हटलं. मग त्यांना आत पाठवायला म्हणून सांगितलं, की पहिल्या वर्षीची फुलं गळतातच, माझीही गळली होती, पुढल्या वर्षी टिकतील, तुम्ही आत जा. एका खोट्यावर दुसरं, आणि या वेळी विचार करून, शब्द निवडून. आपल्याला हे इतकं सहज जमतंय याचं त्यांना भय वाटलं.

म्हातारा म्हणाला, जातो. पण एक सांगा. तुमच्याकडे फळ धरलं, मला तर चार वर्षांत तोंडात घालायला मिळालं नाही. चव कशी आहे?

नामदेवरावांनी आठवायचा प्रयत्न केला. नऊ जानेवारींत खाल्लेली ती पिवळी फोड, तो वास. काही म्हणजे काही येईना. जिभेवर अंगणातलंच सफरचंद होतं, दोन वर्षं रोज खाल्लेलं. गप्प राहावं तर म्हातारा तिथंच उभा राहणार. ते म्हणाले, जरा आंबट, मग पाणीदार, आणि शेवटी किंचित गोड.

पलीकडे कितीतरी वेळ नुसता वारा. नामदेवरावांना वाटलं, आता संपलं, कळलं त्यांना. आणि खरं सांगू, कळावं असंच त्यांना वाटत होतं.

“हां,” अहद साहेब म्हणाले. “आंबटच. मी विसरत चाललो होतो. जरा आंबटच होती आमची नबद.”

फोन बंद झाला. भामाबाई दारात उभ्या होत्या, ओले हात तसेच. म्हातारा बरा आहे ना, काय म्हणाले ते, असं त्यांनी विचारलं. नामदेवरावांना सांगायचं होतं की नबद आता खरोखर गेली, तिची चव जपणाऱ्या म्हाताऱ्याच्या आठवणीतूनही ती आपणच पुसली. पण ते एवढंच म्हणाले, “आत गेले.”